बुलढाणा बेटावर होता तेव्हा

लोणारपासून समुद्र सरळ रेषेत साधारण ४०० किलोमीटरवर आहे. बुलढाणा जिल्ह्याला बंदर नाही, खाडी नाही, खारं वारं नाही. पाऊस लांबला की विहिरींचा तळ दिसू लागतो असा हा मुलूख. तरीही इथल्या कुठल्याही शेताच्या बांधावरचा काळा दगड उचलून पाहा. तो बेटावर जन्मलेला आहे. गडाच्या भिंतीत, गोठ्याच्या पायात, हेमाडपंती देवळाच्या खांबात बसलेला हा दगड भरसमुद्रातल्या जमिनीवर थिजला, आणि थिजला तेव्हा विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता.

ते बेट म्हणजे आपला भारत. सुमारे ८.८ कोटी वर्षांपूर्वी भारताचा तुकडा मादागास्करपासून सुटला आणि उत्तरेकडे निघाला. आशियाला तो भिडला साधारण ५ कोटी वर्षांपूर्वी. मधली जवळजवळ पावणेचार कोटी वर्षं त्याच्या चहूबाजूंना पाणी होतं. ही एकांताची वर्षं किती कडक होती याबद्दल अभ्यासकांचं एकमत नाही. लहान बेटांच्या माळांवरून काही प्राणी शेजारच्या खंडांवर ये-जा करत असावेत असं अनेकांना वाटतं. पण प्रवास झाला हे नक्की, आणि त्याचा वेगही विलक्षण होता. ऐन भरात हा भूखंड वर्षाला १५ सेंटीमीटरहून अधिक सरकत होता. खंडांच्या चालीत ही धावच म्हणायची.

या वाटेवर, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, बेटाचा पश्चिम भाग एका तप्त ठिकाणावर आला. पृथ्वीच्या पोटातून वर चढणाऱ्या उष्णतेचं हे ठिकाण आजही जिवंत आहे. हिंदी महासागरातल्या रीयुनियन बेटाखाली आहे. जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून लाव्हा वाहू लागला. एक थर थिजायचा, त्यावर पाऊस पडायचा, माती व्हायची, झाडं उगवायची, आणि मग पुढचा थर येऊन सगळं झाकून टाकायचा. घाटात रस्ता कापलेला असतो तिथे काळ्या थरांच्या मध्ये तांबड्या मातीचा पट्टा दिसतो. तो म्हणजे दोन लोटांमधली उसंत, त्या बेटावरची उघडी जमीन. आज उरलेला हा दगडी पसारा सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर भरतो. सह्याद्रीत त्याची जाडी दोन किलोमीटरच्या आसपास जाते, विदर्भाकडे येताना कमी होते.

तप्त ठिकाण जागच्या जागी राहिलं आणि जमीन वरून पुढे गेली. चूल एकच, भाकऱ्या मात्र एकामागून एक. दख्खनचा दगड आधी, मग लक्षद्वीप, मालदीव आणि छागोस ज्या पाण्याखालच्या डोंगररांगेवर उभे आहेत ती रांग, मग मॉरिशस, आणि सगळ्यात ताजं रीयुनियन, जिथला ज्वालामुखी अजून धगधगतो. या रांगेचा विचार करताना मला नेहमी एकोणिसाव्या शतकात मुंबई बंदरातून मॉरिशसला गेलेली मराठी कुटुंबं आठवतात. उसाच्या मळ्यांत राबायला कोकणातून गेलेल्या त्या माणसांनी तिथल्या शेतातले काळे धोंडे वेचले, रचले, त्यांच्या राशी केल्या. तो दगड आणि त्यांनी मागे सोडलेल्या सह्याद्रीचा दगड एकाच चुलीवरचे. त्यांना हे कुणी सांगितलं असणं शक्यच नव्हतं. मॉरिशसमध्ये मराठी अजून बोलली जाते, शिकवली जाते, आणि पायाखाली तीच जुनी आग थिजलेली आहे.

त्या बेटावर राहत कोण होतं?

बुलढाण्याच्या शिवारात लाव्ह्याने बहुतेक पुरावे झाकून टाकले, म्हणून उत्तरासाठी थोडं पूर्वेला जावं लागतं. नागपूरच्या आसपास स्टीफन हिस्लॉप या मिशनऱ्याने १८५० च्या दशकात लाव्ह्याच्या थरांमध्ये अडकलेल्या गोड्या पाण्यातल्या गोगलगायी आणि वनस्पतींचे अवशेष गोळा केले. पुढे बिरबल साहनी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी छिंदवाड्याजवळच्या मोहगाव कलानमधून दगड झालेली फळं, फुलं आणि खोडं बाहेर काढली. तिथे ताडाच्या कुळातली झाडं आहेत, आणि निपा ही आज फक्त भरतीच्या पाण्यात, खाडीकाठच्या चिखलात वाढणारी पामही आहे. म्हणजे सातपुड्याच्या पायथ्यापर्यंत कधीतरी खारट पाण्याचा हात पोचत होता.

चंद्रपूर जिल्ह्यात वरोऱ्याजवळ पिसदुरा नावाचं गाव आहे. तिथे डायनोसोरांची दगड झालेली विष्ठा सापडते. वंदना प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ती बारीक करून सूक्ष्मदर्शकाखाली पाहिली. तिच्यात गवताच्या पानांतले वाळूसारखे सूक्ष्म कण निघाले. २००५ साली हे प्रसिद्ध झालं तेव्हा जगभरच्या पाठ्यपुस्तकांना धक्का बसला, कारण डायनोसोरांच्या काळात गवत जवळजवळ नव्हतंच असं तोवर मानलं जात होतं. २०११ मध्ये त्याच ठिकाणच्या नमुन्यांत भाताच्या जवळच्या गवतांच्या खुणाही दिसल्या. लांब मानेचे ते अजस्र प्राणी या बेटावर, इतर पाल्याबरोबर, भाताच्या दूरच्या पूर्वजांचं गवत चरत होते. विदर्भाच्या मातीतून निघालेली यापेक्षा थोर बातमी मला तरी माहीत नाही.

जिवंत साक्षीदारही आहेत. सह्याद्रीच्या दक्षिण भागात जमिनीखाली राहणारा, पावसाच्या सुरुवातीला थोडे दिवस वर येणारा जांभळा बेडूक २००३ साली विज्ञानाला ठाऊक झाला. त्याचे जवळचे नातलग सेशेल्स बेटांवर राहतात. सेशेल्स हा भारताचाच तुकडा. दख्खनचा लाव्हा ओतला जात होता त्याच सुमारास तो आपल्यापासून तुटला. एका कुटुंबाचे दोन भाग दोन होड्यांवर राहून गेले.

मग बेट आशियाला भिडलं, हिमालय उभा राहिला, मोसमी पावसाचं चक्र घडत गेलं, आणि बुलढाणा भूप्रदेशाच्या मधोमध आला. पण या जिल्ह्याच्या नशिबात अजून एक बेट होतं. ते आकाशातून आलं.

लोणारचं विवर सुमारे १.८ किलोमीटर रुंद आणि काठापासून जवळपास १४० मीटर खोल आहे. काठ भोवतालच्या शेतांपेक्षा वीसेक मीटर उंच, म्हणून कपाशी-सोयाबीनच्या सपाटीवरून जाताना आधी नुसता बुटका उंचवटा दिसतो आणि मग एकदम पायाखालची जमीन संपते. १८२३ साली जे. ई. अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने त्याची नोंद केली. पुढे दीडशे वर्षं तो ज्वालामुखीचा खड्डा असल्याचं बहुतेकांनी धरून चालवलं, आणि ते चुकीचं वाटण्यासारखंही नव्हतं, कारण दगड तर लाव्ह्याचाच. निकाल १९७३ मध्ये लागला. विवराच्या तळातून काढलेल्या दगडात मॅस्केलिनाइट सापडलं. दगडातल्या फेल्डस्पार या खनिजावर इतका प्रचंड आणि इतका क्षणिक दाब आला की वितळण्याआधीच त्याची काच झाली. असा दाब कुठलाही ज्वालामुखी देऊ शकत नाही. तो अशनीच्या आघातातूनच येतो. काठावर बारकाईने पाहिलं तर लाव्ह्याचे थर बाहेरच्या बाजूला उलटे वळलेले दिसतात. आघाताने जमीन उचकटून बाहेर पालथी केली, त्याची ती खूण.

बेसाल्टमध्ये, म्हणजे या काळ्या लाव्ह्याच्या दगडात, पडलेलं आणि इतकं नीट टिकलेलं तरुण विवर पृथ्वीवर दुसरं नाही. ब्राझीलमध्ये आहेत, पण ती फार जुनी आणि झिजलेली. चंद्रावरची काळी मैदानं आणि मंगळाचा बराच पृष्ठभाग याच जातीच्या दगडाचा, म्हणून तिथली विवरं समजून घ्यायची तर अभ्यासकांना लोणारला यावं लागतं. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने १९७९ मध्ये त्याला राष्ट्रीय भूवारसा स्मारक ठरवलं.

वयाचा मात्र मोठा घोळ आहे. एका पद्धतीने ते सुमारे ५२ हजार वर्षं आलं, आणि अजूनही बऱ्याच ठिकाणी तेच छापलं जातं. आघातात वितळून झालेल्या काचेतल्या आर्गॉन वायूवरून २०११ मध्ये काढलेलं वय ५ लाख ७० हजार वर्षं आहे, ४७ हजार मागे-पुढे. मला दुसरा आकडा अधिक भरवशाचा वाटतो, कारण पहिल्या पद्धतीत खडकाला नंतर मिळालेली उष्णता आणि ऊन यांचा घोटाळा होऊ शकतो. दुसरा आकडा खरा धरला तर अशनी पडला तेव्हा आपली मनुष्यजात जन्मायचीच होती. दख्खनवर दगडी हातकुऱ्हाडी घडवणारे आपले पूर्वसूरी होते.

आता खाली उतरू. मोठ्या रस्त्याशेजारी धार आहे. गोमुखातून पडणारं हे गोडं पाणी उन्हाळ्यातही आटत नाही, आणि लोणारला येणारा भाविक आधी इथे अंघोळ करतो. धारेपासून पायवाट उतरू लागली की हवा बदलते. वरती उघडं माळरान आणि शेतं. आत साग, कडुनिंब, पळस, सीताफळ, त्यांच्यात मोरांची केका आणि वानरांच्या उड्या. आणखी खाली बाभळींचा पट्टा, मग झाड जिथे तग धरत नाही अशी चिखलाची पांढुरकी किनार, आणि मध्ये सुमारे सव्वा किलोमीटर रुंदीचं तळं. जुनी देवळं झाडांत दडलेली आहेत. कमळजा देवीचं देऊळ तर तळ्याच्या अगदी काठाशी. त्याच्याजवळच सासू-सुनेची विहीर. तिच्या एका बाजूचं पाणी गोडं, दुसऱ्या बाजूचं खारं, असं इथले लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले. गोडे झरे आणि खारं तळं यांची वेस त्या काठावरच आहे, तेव्हा ही विहीर त्या वेशीवर खणली गेली असणार.

या जंगलात लांडगा आहे, पांढऱ्या मानेचा करकोचा येतो, काठच्या चिखलात शेकाटे चोचा मारतात. लोणारला २०२० च्या नोव्हेंबरमध्ये रामसर पाणथळीचा दर्जा मिळाला तेव्हाच्या नोंदीत पक्ष्यांच्या १६० आणि सरपटणाऱ्यांच्या ४६ जाती आहेत. चार चौरस किलोमीटरलाही जरा कमी भरणाऱ्या अभयारण्यासाठी हे वैभव थोर आहे, पण त्यातच काळजीही आहे. भोवती सगळी शेती. हे रान आपल्या जागी एकटं पडलेलं आहे. त्यात वेडी बाभूळ घुसली. ती अमेरिकेतून आणलेली, आणि एकदा रुजली की बाकीच्यांना जागा देत नाही. सीताफळही मूळचं अमेरिकेचंच, पण ते इथल्या रानात मिळून-मिसळून राहिलं.

अशी एकटी पडलेली रानं या जिल्ह्यात आणखी आहेत, आणि त्यांची गोष्ट एका वाघाने सगळ्या जगाला सांगितली. यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यात २०१९ च्या सुरुवातीला त्याच्या गळ्यात रेडिओ कॉलर बांधली होती. जूनमध्ये तो निघाला. तेलंगणात शिरला, परत महाराष्ट्रात आला, कपाशीच्या शेतांतून, नाल्यांतून, हमरस्ते ओलांडत, बहुतेक रात्री चालत डिसेंबरमध्ये बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. कॉलर काढेपर्यंत त्याची चाल ३ हजार किलोमीटरवर गेली होती. बोथ्याच्या घाटातलं ते २०५ चौरस किलोमीटरचं जंगल त्याला चांगलं मानवलं. चितळ, नीलगाय, रानडुक्कर सगळं होतं. नव्हती ती वाघीण. तो तिथला एकमेव वाघ होता. २०२१ च्या मार्चमध्ये तो अजिंठ्याच्या डोंगररांगेतल्या गौताळा अभयारण्यात कॅमेऱ्यासमोर आला. खरी गरज जोडवाटांची आहे: नाल्याकाठची झाडी, पडीक गायरानं, डोंगरांच्या सोंडा. त्या टिकल्या तर ज्ञानगंगा आणि तिकडे सातपुड्यातलं अंबाबरवा एकटी राहणार नाहीत.

तळ्याला मात्र एकटेपणानेच घडवलं. त्यात ओढे येतात, झरे येतात, पाऊस येतो. बाहेर काहीच वाहत नाही. पाणी उन्हाने उडून जातं आणि दगडातून विरघळून आलेले क्षार मागे राहतात. हजारो वर्षं हे चाललं आणि पाण्यात धुण्याच्या सोड्याचा साठा झाला. त्याचा सामू दहाच्या आसपास असतो, साबणाच्या पाण्याइतका. या खाराला एके काळी मोठी किंमत होती. ‘आईन-ए-अकबरी’त वऱ्हाडचं वर्णन करताना लोणारच्या या क्षारांची, काच आणि साबण करण्यासाठी, खास नोंद आहे. पाणी ओसरलं की काठावर आणि तळाशी खाराचे थर बसत, मजूर ते काढत, आणि दल्ला, खुप्पल, पापडी अशा प्रती ठरत. भाविकांनी याच खारट पाण्याची सांगड लवणासुर नावाच्या दैत्याशी घातली. विष्णूने त्याला मारलं ती जागा म्हणून लोणार गावातलं दैत्यसूदन मंदिर उभं आहे, आणि त्याच्या भिंतींवरचं कोरीवकाम याच काळ्या दगडात आहे.

असलं पाणी बहुतेक मासे सोसत नाहीत. पण सूक्ष्म जिवांना ते स्वर्गासारखं आहे. तळ्याचा नेहमीचा हिरवा रंग म्हणजे स्पिरुलिनासारख्या निळ्या-हिरव्या शेवाळाची दाटी. याच पाण्यातून हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी वेगळ्याच प्रजातीचा जिवाणू ओळखला; २०१२ मध्ये त्याला सेसेंबिया लोनारेन्सिस हे नाव मिळालं. २०२० च्या जूनमध्ये तर तळं एकाएकी गुलाबी झालं. टाळेबंदीत घरी बसलेल्या महाराष्ट्राने ते फोटो डोळे विस्फारून पाहिले. पाणी कमी झालं, क्षार वाढले, ऊन तापलं, आणि मिठात फोफावणारे हॅलोआर्किया नावाचे सूक्ष्म जीव आपल्या तांबूस रंगद्रव्यासकट भरमसाट वाढले, असं पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेच्या तपासणीतून समोर आलं. पाऊस आला, पाणी वाढलं, गुलाबी ओसरला. तळ्याचा तोल किती नाजूक आहे ते त्या आठवड्यांत दिसलं. म्हणूनच गावाचं सांडपाणी आत उतरू देणं, किंवा बाहेरचं गोडं पाणी जास्त प्रमाणात आत मुरू देणं, हे मला अक्षम्य वाटतं. पाणी गोडं झालं तर हे सगळं जग विरघळून जाईल.

आणि या तळ्याची सर्वांत मोठी संपत्ती पाण्याखाली आहे. दरवर्षी पावसाबरोबर उतारावरची माती, झाडांची पानं आणि हवेतले परागकण तळ्यात उतरतात आणि थरावर थर साचतात. तळाच्या पाण्यात प्राणवायू नसतो, त्यामुळे गाळ ढवळणारे किडे नाहीत आणि थर जागचे हलत नाहीत. जर्मनीतल्या पोट्सडामची जीएफझेड संस्था आणि पनवेलच्या भारतीय भूचुंबकत्व संस्थेच्या शास्त्रज्ञांनी मिळून या गाळात नळी रोवून सुमारे १० मीटरचा सलग स्तंभ काढला. त्यात गेल्या ११ हजारांहून अधिक वर्षांचा पाऊस लिहिलेला आहे.

तळाचा भाग कोरड्या दिवसांचा. मग मोसमी पाऊस जोरात सुरू झाला, ओढ्यांनी भरभरून माती आणली, काठ झाडांनी भरले. पानांवरच्या मेणाचे अवशेष गाळात हजारो वर्षं टिकतात. त्यांतल्या कार्बनची तपासणी केली की झाडं जास्त होती की उन्हाळी गवतं, ते कळतं. सुमारे ६ हजार वर्षांपासून पाऊस हळूहळू उतरणीला लागला आणि गवत वाढत गेलं. मग एका थरात गेलुसाइटचे स्फटिक येतात. पाणी अतिशय आटून सोड्याने घट्ट झाल्याशिवाय हे खनिज बनत नाही. म्हणजे तो दुष्काळाचा शिक्काच. हे स्फटिक दोन काळांत सापडतात: ४६०० ते ३९०० वर्षांपूर्वी, आणि २००० ते ६०० वर्षांपूर्वी.

पहिला काळ हडप्पाच्या नगरांच्या उतरणीशी जुळतो, आणि त्याबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं. मला दुसरा काळ जास्त विचारात पाडतो. सातवाहनांपासून यादवांच्या अस्तापर्यंत महाराष्ट्राच्या इतिहासातलं बहुतेक सगळं थोर त्यात मावतं. जवळच्या वाशीमला, म्हणजे वत्सगुल्मला, वाकाटकांची राजधानी होती. त्यांच्याच काळात अजिंठ्याची महत्त्वाची लेणी रंगली. पुढे दैत्यसूदनाचं मंदिर उभं राहिलं. हे सगळं पाऊस सरासरीने कमी झालेल्या शतकांमध्ये घडलं. प्रत्येक वर्ष कोरडं होतं असा याचा अर्थ नाही, पण टाकी, बारव, तळी बांधण्याची आपल्या पूर्वजांची ती जिद्द कुठून आली असेल याचं एक उत्तर लोणारच्या चिखलात आहे असं मला वाटतं. गोडं पाणी दिसलं की तिथे देव बसवायचा, पायऱ्या बांधायच्या, त्याला तीर्थ म्हणायचं: धारेच्या काठी नेमकं हेच झालेलं आहे.

आणि वाचून झाला आहे तो फक्त वरचा भाग. सत्तरच्या दशकात तळात भोकं पाडली तेव्हा फुटक्या दगडापर्यंत पोचायच्या आधी सुमारे १०० मीटर गाळ लागला होता. विवर खरोखर पावणेसहा लाख वर्षांचं असेल तर त्या गाळात अनेक हिमयुगं आणि त्यांच्या मधले अनेक जोरकस पावसाळे असायला हवेत. दख्खनवर मानव कधी, कशा हवेत आला, जंगल कितीदा दाटलं आणि कितीदा विरळ झालं, याचा सलग हिशोब एवढ्या लांबीचा भारताच्या मध्यभागी दुसरीकडे मिळणं कठीण. तो काढायला खोल आणि महागडं ड्रिलिंग लागेल, आणि काढेपर्यंत तळं खारं, बंद आणि शांत राहायला लागेल.